उतारावरचा क्रमांक

बर्फावरच्या शर्यतीत कोण आधी सुटतो, याला मोठी किंमत असते. धावण्याच्या शर्यतीत सगळे एका रेषेवर उभे राहतात, पोहण्याच्या शर्यतीत प्रत्येकाला स्वतःची मार्गिका मिळते. अल्पाईन स्कीइंगचे तसे नाही. तिथे स्पर्धक एकामागून एक, त्याच उतारावरून आणि त्याच झेंड्यांच्या दांड्यांना वळसे घालत खाली येतात. पहिल्या काही जणांना टणक, सपाट, ताजा आखलेला मार्ग मिळतो. स्कीच्या पोलादी कडा प्रत्येक वळणावर बर्फ कापत जातात आणि पंधरा-वीस जण उतरून गेले, की पावसाळ्यातल्या गाडीवाटेसारख्या खोल चाकोऱ्या पडतात. पन्नासाव्या क्रमांकावर सुटणारा स्पर्धक त्या चाकोऱ्यांशी झगडतच खाली येतो. म्हणून या खेळात पहिला गट मानांकनावरून ठरतो. ज्यांनी आधी चांगली कामगिरी केली त्यांनाच चांगला बर्फ मिळतो, आणि चांगला बर्फ मिळाला की पुढची कामगिरीही चांगली होते. नव्याने वर येणाऱ्याला ही भिंत चढणे अवघडच असते. एकाच पायावर उतरणाऱ्याला तर ती आणखी उंच पडते. दोन पायांच्या स्पर्धकाची एक स्की चाकोरीत घसरली, तर तो क्षणभर भार दुसऱ्या पायावर टाकून सावरू शकतो. ज्याला दुसरा पायच नाही, तो पडतो.

दिव्यांगांच्या स्कीइंगचा इतिहास बहुधा शूरांच्या कथा म्हणून सांगितला जातो. त्या कथा खऱ्या आहेत आणि त्यांतली माणसे मोठी आहेत. पण हा इतिहास खऱ्या अर्थाने पुढे सरकला तो नियमपुस्तकातल्या ओळींमुळे, स्पर्धेच्या वेळापत्रकामुळे आणि अवजारांच्या घडणीमुळे. कोणाला केव्हा सोडायचे, कोणाचे पदक मोजायचे, लिफ्टच्या खुर्चीवर कोणाला बसू द्यायचे, असल्या वरवर क्षुल्लक निर्णयांनी हजारो माणसांसाठी डोंगर उघडला किंवा बंद ठेवला. हे सगळ्यांत लख्ख दिसते ते अमेरिकन स्कीपटू डायना गोल्डन हिच्या आयुष्यात. जिद्दीचे उदाहरण म्हणून तिची गोष्ट पुष्कळ वेळा सांगितली गेली आहे. तिने बदलून घेतलेल्या नियमाकडे मात्र त्या मानाने कमी लोकांचे लक्ष गेले.

डायना गोल्डनचा जन्म 1963 चा. मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या लिंकन या गावात ती वाढली आणि घरच्यांबरोबर शेजारच्या न्यू हॅम्पशायरमधल्या कॅनन माउंटनच्या उतारांवर लहानपणीच स्की शिकली. वयाच्या बाराव्या वर्षी हाडाच्या कर्करोगामुळे तिचा उजवा पाय गुडघ्याच्या वरून कापावा लागला. काही महिन्यांतच ती पुन्हा बर्फावर उभी राहिली ती एका स्कीवर आणि हातात दोन आउटरिगर घेऊन. आउटरिगर म्हणजे कोपरापर्यंत येणाऱ्या कुबड्या. त्यांच्या टोकाला आखूड स्की बसवलेल्या असतात. एक पूर्ण स्की आणि दोन आखूड मिळून बर्फावर तीन रेघा उमटतात, म्हणून या पद्धतीला तीन रेघांचे स्कीइंग म्हणतात. शाळेच्या संघाबरोबर तिने कसरत केली, सतराव्या वर्षी ती अमेरिकेच्या दिव्यांग स्की संघात आली आणि 1982 मध्ये झालेल्या जागतिक स्पर्धेत तिने डाउनहिलचे सुवर्णपदक मिळवले. त्यानंतर तिने स्पर्धा सोडली, डार्टमथ महाविद्यालयातून 1984 मध्ये पदवी घेतली, काही काळ संगणकाच्या आज्ञावली विकण्याची नोकरी केली आणि मग ती खेळाकडे परतली. या दुसऱ्या पर्वात तिने एक धाडसी तांत्रिक निर्णय घेतला. शर्यतीत आउटरिगर टाकून देऊन ती दोन पायांच्या स्पर्धकांसारख्या साध्या काठ्या वापरू लागली. आउटरिगर तोल सांभाळतात, पण बर्फाला टेकले की वेगही खातात. काठ्या घेतल्यावर तोलाचा सगळा भार एका मांडीवर आणि कमरेवर आला. तिचा वेग वाढला, आणि तिची कामगिरी तिच्या गटाबाहेरच्या लोकांच्या वेळेशी ताडून पाहण्याजोगी झाली.

ज्या तंत्रावर ती उभी होती, ते युद्धातून आले होते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात पाय गमावलेल्या फ्रान्झ वेंडेल या जर्मन माणसाने कुबड्यांना आखूड स्की जोडून उतरण्याचा प्रयोग केला, असे या खेळाच्या इतिहासात नोंदलेले आहे. ऑस्ट्रियाच्या सेप झ्विकनाग्लने हातबॉम्बमुळे दोन्ही पाय गमावले होते. कृत्रिम पायांवर स्की कशी करता येईल याचा त्याने शोध घेतला. 1940 च्या दशकाच्या अखेरीस ऑस्ट्रियाच्या स्की महासंघात अशा खेळाडूंचा अधिकृत विभाग होता आणि त्यांच्यासाठी प्रशिक्षणवर्ग सुरू झाले होते. अमेरिकेत दहाव्या माउंटन डिव्हिजनमधला माजी सैनिक जिम विंथर्स याने कॅलिफोर्नियातल्या डॉनर खिंडीच्या परिसरात पाय गमावलेल्या सहकाऱ्यांना शिकवायला आरंभ केला. व्हिएतनाममधून जखमी सैनिक परतू लागले, तेव्हा 1967 मध्ये त्यातून पाय गमावलेल्या स्कीपटूंची राष्ट्रीय संघटना उभी राहिली. 1970 मध्ये कोलोरॅडोतल्या विंटर पार्क येथे हॅल ओलिअरी या प्रशिक्षकाने डेन्व्हरच्या बालरुग्णालयातून आलेल्या, अवयव गमावलेल्या 23 मुलांना शिकवले आणि सैनिकांपुरता असलेला हा खेळ मुलांपर्यंत पोहोचला. युद्धातून उभ्या राहिलेल्या या क्रीडाचळवळीची एक शाखा महाराष्ट्राच्याही ओळखीची आहे. 1965 च्या युद्धात जखमी झालेले, सांगली जिल्ह्यातल्या पेठ इस्लामपूरचे मुरलीकांत पेटकर 1972 मध्ये हायडेलबर्गला 50 मीटर पोहण्यात सुवर्णपदक जिंकले, ते याच चळवळीच्या उन्हाळी प्रवाहात. पाण्यात सगळ्यांना एकाच वेळी सोडता येते. बर्फावर क्रमाचा प्रश्न सुटत नाही, म्हणून हिवाळी शाखेचा इतिहास वेगळ्या वळणाने गेला.

दिव्यांगांची पहिली हिवाळी पॅरालिम्पिक स्पर्धा फेब्रुवारी 1976 मध्ये स्वीडनच्या अर्न्शल्डस्विक येथे झाली. तिथे फक्त अवयव गमावलेले आणि दृष्टिहीन खेळाडू उतरले, कारण चाकाच्या खुर्चीवर बसणाऱ्याला बर्फावर नेणारे साधन स्पर्धेच्या पातळीवर अजून आले नव्हते. तेव्हापासून दिव्यांगांना स्वतःची स्पर्धा मिळाली. पण स्वतंत्र स्पर्धा ही वर्षा-दोन वर्षांनी येणारी गोष्ट होती. खेळाडू घडतो तो प्रत्येक आठवड्याच्या शर्यतीत, आपल्याहून वेगवान लोकांच्या मागे धावत. अमेरिकेत अशा शर्यती होत्या, त्यांत दिव्यांग स्कीपटूने नाव नोंदवायला औपचारिक बंदीही नव्हती. फक्त मानांकन नसल्यामुळे त्याचा क्रमांक यादीच्या तळाला लागे आणि तो सुटे तोपर्यंत उताराचा चिखल झालेला असे. दार उघडे होते, उंबरठाच चढता येत नव्हता.

डायना गोल्डनने आवाज उठवला तो या उंबरठ्याविरुद्ध. 1985 मध्ये अमेरिकेच्या स्की संघटनेने एक नियम केला: आघाडीच्या दिव्यांग स्कीपटूंना खुल्या शर्यतीत पहिल्या मानांकित गटानंतर लगेच सुटण्याची जागा राखून ठेवायची. तिच्या आडनावावरून लोक त्याला ‘गोल्डन रूल’ म्हणू लागले. नियमाची रचना बारकाईने पाहण्यासारखी आहे. अंतर कमी केलेले नाही, दांड्या सोप्या लावलेल्या नाहीत, घड्याळात एका सेकंदाचीही सूट नाही. सर्वांत वेगवान लोकांच्या पुढेही तिला सोडलेले नाही. त्यांनी कमावलेला चांगला बर्फ त्यांच्याकडेच राहतो. उतार अजून उतरण्याजोगा असताना सोडा, एवढेच तिचे मागणे होते. पुढे 1987 मध्ये कोलोरॅडोतल्या स्टीमबोट येथे दोन पायांच्या स्पर्धकांबरोबरच्या शर्यतीत ती दहावी आली. हा दहावा क्रमांक मला तिच्या पुष्कळ सुवर्णपदकांपेक्षा महत्त्वाचा वाटतो. तिच्या पायाबद्दल सहानुभूती बाळगणाऱ्या कोणीही तो तिला दिलेला नव्हता.

यावर पहिला आक्षेप उघड आहे. मानांकन कमवावे लागते. ज्याने ते कमावलेले नाही त्याला वरची जागा देणे हा विशेषाधिकार नाही का? तिच्यामुळे एखादा दोन पायांचा नवखा मुलगा एका क्रमांकाने मागे गेला, त्याचे काय? या आक्षेपात तथ्य आहे, त्या मुलाचे नुकसान खरे आहे. पण सुटण्याच्या क्रमाकडे पाहिले, तर मानांकन हाच मुळी एक विशेषाधिकार आहे. उतार खराब होतो, सर्वांना सारखा देता येत नाही, म्हणून खेळाने जाणूनबुजून केलेली ती वाटणी आहे. वाटणी करायचीच असेल, तर ती कशासाठी, हे विचारायला हवे. मानांकनाचा हेतू असा, की ज्यांच्या कौशल्याची खरी परीक्षा चांगल्या बर्फावरच होऊ शकते त्यांना तो मिळावा. एका पायाच्या जागतिक विजेतीला चाकोऱ्यांत सोडले, तर परीक्षा तिच्या कौशल्याची होत नाही, आधी उतरलेल्यांच्या स्कीने पाडलेल्या खड्ड्यांची होते. शिवाय दोन पायांचा नवखा काही हंगामांत तळातून वर चढू शकतो, कारण खराब बर्फ त्याला फक्त मंद करतो. तिला तो मंद करत नव्हता, पाडत होता. जिथून वर चढताच येत नाही अशा ठिकाणी एखाद्याला ठेवून त्याला वर चढ म्हणणे, हा न्यायाचा देखावा ठरतो.

दुसरा आक्षेप अधिक खोल आहे आणि तो या खेळावर प्रेम करणाऱ्यांकडूनच येतो. नियम आपोआप बदलत नाहीत. लोकांची मने आधी बदलावी लागतात आणि ती बदलतात धैर्याच्या कथांनी. वर्तमानपत्रांनी एका पायाची मुलगी डोंगर उतरताना दाखवली नसती, तर कोणत्या संघटनेने तिचे ऐकले असते? कथांनी पैसा आणला, स्वयंसेवक आणले, विंटर पार्कसारखे उपक्रम टिकवले. हे नाकारणे कृतघ्नपणाचे होईल. तरीही डायना गोल्डन स्वतः या कौतुकाला कंटाळली होती. आपल्याला शूर म्हणू नका, खेळाडू म्हणा, आपल्या तंत्राबद्दल आणि वेळेबद्दल बोला, असा तिचा आग्रह असे, आणि तो केवळ स्वाभिमानाचा नव्हता. शौर्याचे कौतुक करणाऱ्याला पुढे काही करावे लागत नाही. उतारावर तिचे केवळ असणे हाच विजय मानला, तर ती सातव्या क्रमांकावर सुटली काय किंवा सत्तराव्या, बघणाऱ्याच्या डोळ्यांत सारखेच पाणी येते. तिची वेळ बघणाऱ्यालाच तिच्या क्रमांकाची चिंता असते. म्हणून तिने प्रायोजकांशीही खेळाडू म्हणून व्यवहार केला, स्की बनवणाऱ्या रोसिन्योलसारख्या कंपन्यांकडून करार मिळवले. तिला मिळालेले दोन सन्मान याच दिशेचे आहेत: 1986 चा स्की संघटनेचा बेक पुरस्कार आणि 1988 मध्ये अमेरिकेच्या ऑलिम्पिक समितीने दिलेला वर्षातील सर्वोत्तम महिला स्कीपटूचा किताब. हे दोन्ही दिव्यांगांसाठी राखलेले नव्हते. सगळ्या स्कीपटूंमधून तिची निवड झाली होती.

1988 चे वर्ष या साऱ्या गुंत्याचे जणू चित्रच आहे. जानेवारीत ऑस्ट्रियातल्या इन्सब्रुक येथे दिव्यांगांची हिवाळी स्पर्धा झाली. तिथे तिने दोन सुवर्णपदके मिळवली. फेब्रुवारीत कॅनडातल्या कॅल्गरी ऑलिम्पिकमध्ये दिव्यांगांचे जायंट स्लॅलम प्रात्यक्षिक प्रकार म्हणून ठेवलेले होते. तिथेही ती पहिली आली. प्रात्यक्षिक प्रकार म्हणजे खेळाडू ऑलिम्पिकच्याच डोंगरावर, ऑलिम्पिकच्याच प्रेक्षकांसमोर उतरतो, त्याला पदकही मिळते, पण देशाच्या पदकतक्त्यात ते मोजले जात नाही. त्या कॅल्गरीत अमेरिकेच्या अल्पाईन संघाला एकही अधिकृत पदक मिळाले नाही. अमेरिकन स्त्री अल्पाईन उतारावर सर्वांच्या पुढे होती, आणि नोंदवहीच्या हिशेबी ती तिथे नव्हतीच. डोंगर, झेंडे, प्रेक्षक, घड्याळ सगळे तिला मिळाले होते. उणीव होती ती फक्त मोजणाऱ्यांच्या निर्णयाची.

तिच्या नियमाच्या मर्यादाही सांगायला हव्यात, नाहीतर हा लेखही गौरवगाथाच होईल. सुटण्याचा क्रम बदलून एका पायावर उभ्याने उतरणाऱ्याला न्याय मिळतो. कमरेखाली हालचाल नसलेल्या माणसाला त्याचा उपयोग शून्य. त्याच्यासाठी आधी साधन लागले. पाठीच्या कण्याला इजा झाल्यानंतर अभियंता झालेल्या पीटर ॲक्सेलसनसारख्यांनी 1970 च्या दशकाच्या अखेरीपासून बसून चालवायच्या स्की घडवल्या, मग एकाच स्कीवर स्प्रिंगसह बसवलेल्या आसनाची मोनोस्की आली. मोनोस्कीच्या बाबतीत निर्णायक बाब वेगाची नव्हती, लिफ्टची होती. आसन उचलून चालत्या लिफ्टच्या खुर्चीवर स्वतःहून बसता येईल अशी रचना झाली, तेव्हा बसून स्की करणारा माणूस दुसऱ्याने ओढत नेण्याच्या अवस्थेतून सुटला. 1988 च्या इन्सब्रुकमध्ये बसून स्की करण्याचे प्रकार स्पर्धेत आले.

मग प्रश्न उभा राहिला तुलनेचा. एक हात नसलेला, एक पाय नसलेला, दोन्ही पाय नसलेला अशा प्रत्येक गटाला वेगळे पदक दिल्यामुळे पदके अमाप झाली आणि काही गटांत मोजकेच स्पर्धक उरले. यावर उत्तर आले ते गुणकाचे. प्रत्येक गटाला एक गुणक दिला जातो आणि प्रत्यक्ष वेळेला त्याने गुणले जाते. उदाहरणादाखल, गुणक 0.80 असेल तर 60 सेकंदांची फेरी 48 सेकंदांची धरली जाते. 2006 च्या तोरिनो स्पर्धेपासून उभे, बसलेले आणि दृष्टिहीन अशा तीनच प्रवर्गांत पदके दिली जाऊ लागली. हे गणित प्रेक्षकाला समजत नाही, आधी पोहोचलेला हरतो आणि मागचा जिंकतो, ही तक्रार खरी आहे. ती सहन करावी असे मला वाटते. क्रिकेटमध्ये पाऊस आल्यावर डकवर्थ-लुईसचे लक्ष्य आपण निमूट स्वीकारतो, कारण सामना न होण्यापेक्षा ते बरे; इथे तर पर्याय म्हणजे तीन जणांची शर्यत आणि तीन पदके.

एवढे असूनही खुल्या स्पर्धेचा उंबरठा शाबूतच होता. 2010 मध्ये कॅनडाचा दृष्टी अधू असलेला क्रॉस-कंट्री स्कीपटू ब्रायन मॅककीव्हर व्हँकुव्हर ऑलिम्पिकच्या संघात निवडला गेला. हिवाळी ऑलिम्पिक आणि पॅरालिम्पिक या दोन्हींसाठी निवड झालेला तो पहिला खेळाडू. त्याची 50 किलोमीटरची शर्यत आली, तेव्हा प्रशिक्षकांनी कॅनडाच्या चार जागांवर दुसरे चार जण उतरवले आणि तो ऑलिम्पिकमध्ये धावलाच नाही. निर्णय क्रीडादृष्ट्या योग्य असेलही. इतर चौघे त्या आठवड्यात खरोखर वेगवान होते. पण निवड होणे आणि सुरुवातीच्या रेषेवर उभे राहणे यांत केवढे अंतर असते, ते यातून कळते.

डायना गोल्डनने 1990 च्या सुमारास स्पर्धा थांबवल्या. पुढे तिला स्तनांचा कर्करोग झाला आणि तो पुन्हा उलटला. तिच्या व्याख्यानांत मग निराशेच्या, हार मानावीशी वाटण्याच्या दिवसांबद्दलही प्रांजळ बोलणे येऊ लागले. 25 ऑगस्ट 2001 रोजी, वयाच्या 38 व्या वर्षी, ती गेली. त्याच्या दोनच महिने आधी, जूनमध्ये, ऑलिम्पिक आणि पॅरालिम्पिक समित्यांनी करार केला होता, की यजमान शहराने दोन्ही स्पर्धा भरवायच्या. 2018 मध्ये अमेरिकेच्या समितीने पॅरालिम्पिक पदकांचे रोख बक्षीस ऑलिम्पिकएवढे केले, 2022 मध्ये दिव्यांगांच्या अल्पाईन स्कीइंगचा कारभार आंतरराष्ट्रीय स्की महासंघाकडे, म्हणजे इतर सगळ्या स्कीपटूंच्याच घरात, आला.

मात्र सुटण्याच्या क्रमाचा प्रश्न एका मोठ्या रूपात अजून उभा आहे. 1992 पासून दोन्ही हिवाळी स्पर्धा एकाच यजमान परिसरात होऊ लागल्या आणि तेव्हापासून दिव्यांगांची पाळी नेहमी नंतर येते, मार्चमध्ये, बर्फ विरघळू लागल्यावर. 2014 मध्ये सोचीला उतार इतके भुसभुशीत झाले होते की अपघातांची आणि बदललेल्या वेळांची चर्चा शर्यतींपेक्षा अधिक झाली. 2022 मध्ये बीजिंगलाही उष्म्यामुळे अल्पाईन शर्यतींच्या वेळा अलीकडे आणाव्या लागल्या. आयोजक म्हणतात, की प्रक्षेपण, क्रीडाग्रामातले फेरफार, प्रायोजक हे सगळे ऑलिम्पिकभोवती बांधलेले असते, म्हणून हाच क्रम सोयीचा. सोयीचा आहे, पण अटळ नाही. नॉर्वेतल्या गाय्लोची 1980 ची स्पर्धा, इन्सब्रुकच्या 1984 आणि 1988 च्या स्पर्धा त्या-त्या वर्षीच्या ऑलिम्पिकच्या आधी, जानेवारी आणि फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात, थंडीच्या भरात झाल्या होत्या. वेगळ्या गावात, तुटपुंज्या साधनांवर आणि रिकाम्या गॅलऱ्यांसमोर असताना दिव्यांग स्कीपटूंना जो बर्फ मिळत होता, तो मानाने एकाच डोंगरावर बोलावल्यानंतर त्यांच्या हातून गेला. एका शर्यतीच्या यादीत 1985 साली जी दुरुस्ती करता आली, ती हिवाळ्याच्या संपूर्ण वेळापत्रकात का करता येऊ नये, याचे खेळाच्या अंगाने दिलेले उत्तर महासंघाकडून किंवा समित्यांकडून यायला हवे.